आई, ती ट्रंक देऊन टाकू नकोस

आई, बाबा,

फोनवर सगळं घाईघाईत होतं म्हणून लिहायला बसले. परवाच्या रविवारी केंटमधल्या स्मॉलहाइथला जाऊन आले, तिथे एलन टेरीचं जुनं लाकडी घर आहे. एलन टेरी म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इथली, इंग्लंडची, फार मोठी नटी, पण मी गेले होते तिच्या मुलीसाठी, एडिथ क्रेगसाठी. बाबा, तुम्ही दर वेळी विचारता ना, कपडेपट सांभाळणारी मुलगी नाटक कशी बसवणार म्हणून, तर हिने ते शंभर वर्षांपूर्वीच केलंय.

जन्म १८६९चा. पियानो शिकायला बर्लिनला गेली होती पण संधिवाताने हात धरले आणि ते राहिलंच. मग आईबरोबर नाटकात छोटी कामं, मग वेशभूषा, १८९९ला त्या वेळचा बडा नट हेन्री आयर्विंग याच्या एका मोठ्या नाटकाचे कपडे केले, पुढे १९०७ला आईच्या अमेरिका दौऱ्याचा सगळा रंगमंच हिच्याच अंगावर.

मला सगळ्यात आवडलं ते १९०९चं. बायकांना मताचा हक्क हवा म्हणून सिसिली हॅमिल्टनने एक नाटक लिहिलं, त्यात बोलणारी पात्रं मोजकी आणि बाकी इतिहासातल्या थोर बायका, एकेक करून नुसत्या येऊन उभ्या राहणाऱ्या. एडिथने ते बसवलं आणि गावोगावी नेलं, बऱ्याच भूमिकांना तिथल्याच हौशी बायका घ्यायच्या. आता ज्या बाईला एकही वाक्य नाही आणि जी आयुष्यात कधी स्टेजवर चढलेली नाही, ती राणी आहे की संत की योद्धा हे मागच्या रांगेतल्या माणसाला कळणार कशावरून, कपड्यावरून आणि ती कशी चालते त्यावरूनच ना! तिथे दिग्दर्शन आणि वेशभूषा वेगळं काढताच येत नाही बाबा, मला हेच तुम्हाला किती दिवस सांगायचं होतं.

१९११ला तिने पायोनिअर प्लेअर्स ही संस्था काढली. प्रयोग बहुतेक रविवारी, कारण नट त्याच दिवशी मोकळे, आणि फक्त सभासदांसाठी, त्यामुळे सेन्सॉरच्या कचाट्यातून वाट निघायची. एवढं करूनही रंगभूमीच्या पुस्तकांत पानंच्या पानं धाकट्या भावावर, दिग्दर्शक-नेपथ्यकार गॉर्डन क्रेगवर. तो मोठाच होता, पण हिच्या वाट्याला दोन ओळी याव्यात याचं मला फार वाईट वाटतं.

एलन टेरी १९२८ला गेली तेव्हा एडिथने ते घर जपलं, शेजारच्या धान्याच्या कोठाराचं थिएटर केलं आणि दर वर्षी आईच्या स्मृतिदिनाला तिथे नाटक. एलनचा मॅकबेथमधला १८८८चा झगा अजून आहे तिथे, हिरवं विणकाम आणि त्यावर चकाकणाऱ्या किड्यांचे सुमारे १००० पंख शिवलेले, आपण जरा बाजूला सरकलो की रंग बदलतो. मी काचेला नाक लावून टाके बघत होते आणि आई, मला तुझा राज्य नाट्य स्पर्धेतला जांभळा शालू आठवला, ज्याचं जरीकाम तू रात्री जागून उलट्या बाजूने दोऱ्याने धरलं होतंस.

तर तो शालू आहे ती ट्रंक भंगारवाल्याला देऊ नकोस. शालूला डांबराच्या गोळ्या लावू नकोस, धुतलेल्या मलमलीत गुंडाळ आणि दर पावसाळ्यानंतर घडी बदल. मार्चमध्ये माझं पहिलं नाटक आहे, छोटंच, दिग्दर्शन आणि कपडे दोन्ही माझं. बाबा, तुम्ही पासपोर्ट रिन्यू करायला टाका.

तुमची,
चिमी