कनातीची सुटी गाठ

कराड, १४ सप्टेंबर २०२५

चि. मनीस,
अनेक आशीर्वाद.

फोनवर बोलायला गेलं की आपलं तिसऱ्या वाक्याला वाजतं, म्हणून लिहितोय. दादा म्हणाला, आप्पा, व्हॉइस नोट पाठवा. पण मला माझा आवाज ऐकवत नाही. चार पानं होतील बहुतेक. तो फोटो काढून पाठवेल, अक्षर लागलं नाही तर त्याला विचार.

गणपतीला आलीस आणि विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी डबा न घेता एसटीत बसलीस. आईनं तो डबा संध्याकाळपर्यंत ओट्यावरून हलवला नाही. मी गप्पच होतो, कारण डबा माझ्यामुळं राहिला होता. "हसवायचं तर हसव, नावं कशाला घेतेस," एवढंच मला म्हणायचं होतं. त्यापुढं जे तोंडून गेलं ते आत्याच्या वेळी तात्या बोलले होते तेच, शब्दाला शब्द. म्हणजे एवढ्या वर्षांत मी काय शिकलो ते बघ.

पण पत्र त्यासाठी नाही, शनिवारच्या कार्यक्रमासाठी आहे. पोस्टर व्हॉट्सअ‍ॅपवर आलं. तुझा हात कमरेवर ठेवलेला फोटो, खाली 'कराडची पोरगी कराडात'. आईनं फोटो मोठा करून पाहिला, मी हॉलचं नाव पाहिलं. मला एकच विचारायचंय. त्या हॉलला मागचं दार आहे का? तुझी तिकिटं बघतो त्या मुलाला विचारून कळव. बाकी कार्यक्रम तुझा, त्यात मी पडणार नाही.

तुला आठवतं का, मंडप बांधून झाला की मी स्टेजच्या मागं एक चक्कर मारायचो? तू लहानपणी विचारायचीस, आप्पा, तिकडं काय आहे? तिकडं कनात असायची. मांडववाले ती घट्ट आवळून बांधत आणि मी त्यातली एक गाठ सोडून परत सुटी बांधायचो, ओढली की निघेल अशी. तुझ्या जन्माआधी एका सभेत दोन गटांत जुंपली. दगड सुरू झाले. पहिला दगड वक्त्याला नाही, आमच्या कर्ण्याला बसला. लोकांना आवाज बंद करायचा असतो आणि आवाज कुठून येतो हे दिसतं ते कर्ण्यातून. साहेब पुढून गाडीत बसून गेले. मी आणि माझा पोऱ्या कनातीशी झगडत बसलो, गाठ सुटेना. आहुजाचा नवा अ‍ॅम्प्लिफायर तिथंच राहिला, हप्ते फिटायचे होते. त्यानंतर कधी मी कनात घट्ट बांधू दिली नाही.

म्हणून विचारतोय, मागच्या दाराचं. घाबरून नाही.

बरं, थोडं घाबरूनही. मंगळवारी एक गृहस्थ घरी येऊन गेले. नाव लिहीत नाही, तू लगेच ते स्टेजवर घेशील. चहा घेतला, आईच्या गुडघ्यांची चौकशी केली, दादाच्या दुकानाचं विचारलं. मग म्हणाले, "ताईंचं चांगलं चाललंय. आम्ही बघतो, हसतो. पण आमची पोरं तापट आहेत हो, ऐकत नाहीत कुणाचं." एवढंच. बशी स्वतः उचलून मोरीपर्यंत नेऊन ठेवली. पन्नास वर्षं पुढाऱ्यांच्या मागं उभा राहिलोय, हा सूर मी ओळखतो. शिवी देणाऱ्याची मला भीती वाटत नाही. बशी उचलून ठेवणाऱ्याची वाटते.

त्यांना लागलाय तो तुझा फ्लेक्सचा विनोद. "आमच्याकडं नळाला पाणी चार दिवसांनी येतं, पण साहेबांचा वाढदिवस एक दिवस मागंपुढं होत नाही." खरं सांगू? ते गेल्यावर आई आत जाऊन हसली, मला ऐकू आलं. डाव्या कानानं. उजव्यानं आता काही येत नाही, ती त्या कर्ण्यांची देणगी.

गेल्या मार्चची २३ तारीख माझ्या डोक्यातून जात नाही. खारचा तो हॅबिटॅट स्टुडिओ. कॉमेडियन कुणाल कामरानं तिथं आधी म्हटलेल्या उपमुख्यमंत्र्यांवरच्या गाण्याचा व्हिडिओ आला आणि शिंदेंच्या शिवसेनेच्या कार्यकर्त्यांनी जागा फोडली. दुसऱ्या दिवशी महापालिकेचे लोकही हातोडे घेऊन तिथंच. टीव्हीवर सगळे त्याच्याबद्दल बोलत होते, आणि तो तर त्या रात्री तिथं नव्हताच. मी बघत होतो खुर्च्या, दिवे, वायरी. ज्याची जागा होती त्यानं काय विनोद केला होता गं? ज्यानं माईक लावला त्यानं? कामराला पुढं मद्रास हायकोर्टानं अटकेपासून संरक्षण दिलं, मुंबई हायकोर्टानंही दिलं. फुटलेल्या खुर्चीला कोणतं कोर्ट संरक्षण देतं?

त्या रात्री तुला फोन केला तेव्हा तू म्हणालीस, आप्पा, माझं नाव एवढं मोठं नाही, मला कोण विचारतंय. इंदूरला पकडलेला तो कॉमेडियन मुनव्वर फारुकी तरी २०२१ च्या १ जानेवारीला कुठं एवढा मोठा होता? महिन्यावर आत राहिला. हायकोर्टानं जामीन नाकारला, सुप्रीम कोर्टानं ५ फेब्रुवारीला दिला. त्याच्याबरोबर कार्यक्रम जमवणारी पोरंही आत गेली. त्यांची नावं तुझ्या तरी लक्षात आहेत का? मला त्या पोरांच्या बापांचं वाटतं.

गंमत बघ, ज्या पक्षाच्या नावानं खारला खुर्च्या मोडल्या तो काढणारा माणूस मुळात व्यंगचित्रकार. १९६० साली 'मार्मिक' काढलं ते पुढाऱ्यांची नाकं लांब काढूनच. दादा कोंडक्यांच्या सिनेमाला दादरचं थिएटर मिळेना तेव्हा पाठीशी कोण उभं राहिलं, तर तेच. तात्या हा किस्सा रंगवून सांगायचे. आज ते असते तर त्यांना मी काय सांगितलं असतं, कळत नाही.

तात्यांबरोबर मी जत्रांना कर्णे घेऊन जायचो, तमाशाच्या फडावर. सोंगाड्या बतावणीत गावच्या पाटलाची यथेच्छ खेचायचा, आणि पाटील पुढच्या रांगेत मांडी ठोकून हसत बसायचा. तू म्हणशील, बघा, तेव्हा लोक सहनशील होते. मला तसं वाटत नाही. सोंगाड्या पहाटे पुढच्या गावाला जायचा आणि रात्रीचं बोलणं रात्रीबरोबर विरायचं. पाटलाला ते दुसऱ्या दिवशी चावडीवर कुणी दाखवू शकत नव्हतं. तुझं तसं नाही. तू सव्वा तास बोलतेस, त्यात आधी स्वतःची, मग माझी, मग आपल्या गल्लीची खेचतेस आणि मग साहेबांवर येतेस. बसलेल्या माणसाला त्याचा क्रम कळतो. पण कुणीतरी त्यातले चाळीस सेकंद कापतो आणि ज्यानं आधीचं काही ऐकलं नाही त्याच्या हातात नेऊन देतो. तुझ्यावर केस झाली तर ती त्या चाळीस सेकंदांवर होईल. म्हणून म्हणतो, पूर्ण रेकॉर्डिंग नेहमी स्वतःकडं ठेव, दोन ठिकाणी ठेव, आणि वकिलाचा नंबर कागदावर लिहून पर्समध्ये ठेव. मोबाईल पहिला काढून घेतात.

परत सुरू झालं माझं. सोडून दे.

पॉडकास्ट मी ऐकतो, तुला वाटतं ऐकत नाही. ऊसतोडीच्या बायकांचा भाग तीन वेळा ऐकला. ती बीडची बाई गर्भाची पिशवी काढल्याचं सांगते, सांगताना मध्येच तुला विचारते, "तू जेवलीस का?" आणि तू काही क्षण काहीच बोलत नाहीस. ती शांतता कापली नाहीस, हे तू फार चांगलं केलंस. दुसरा कुणी असता तर तिथं संगीत टाकलं असतं. त्यावरच तू फिल्म केलीस, मोबाईलवर शूट केलेली. ती मी बघितली नाही असं दादाला सांगितलं होतं. बघितली. कोयते दिसतात त्या जागी आवाजात वारा फार घुसलाय, माईकला फर लावायला हवी होती. बाकी मला बोलता येण्यासारखं काही नाही. पुण्याची नोकरी सोडलीस तेव्हा मी पंधरा दिवस बोललो नव्हतो, ती फिल्म बघून झाल्यावर त्या पंधरा दिवसांची लाज वाटली.

तरी एक सांगतो. महिन्याला ठराविक काही येत नाही, भाड्याची खोली, वय एकोणतीस. सांगलीचं ते स्थळ अजून विचारतंय, मुलगा म्हणे तुझे व्हिडिओ बघतो... नाही. हे लिहायचं नाही असं आईला कबूल केलं होतं. खोडलं असतं, पण खोडलेलं तू उजेडात धरून वाचतेस, लहानपणापासूनची सवय आहे. माफ कर.

१९७५ च्या डिसेंबरात इथं साहित्य संमेलन झालं तेव्हा मी तेरा वर्षांचा होतो. आणीबाणी चालू. दुर्गाबाई भागवत अध्यक्ष, यशवंतराव स्वागताध्यक्ष आणि दिल्लीत मंत्री. मंत्री समोर असताना बाईंनी जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला सांगितली. आपले दोन कर्णे मंडपाबाहेर लागले होते, तात्यांनी मला वायरींवर राखण बसवलं होतं. लोक विचारतात तेव्हा मी ऐटीत सांगतो की मी तिथं होतो. खरं म्हणजे मला फक्त वायर आठवते आणि तात्यांचा चेहरा. ते माझ्याकडं बघून एवढंच म्हणाले, "हलू नकोस इथनं." पुढच्या वर्षी बाईंना अटक झाली. १९७७ ला पुलं गावोगावी आणीबाणीच्या विरोधात बोलत फिरले, आणि निकाल लागल्यावर काही न मागता घरी गेले. सगळे अभिमानानं सांगतात, मीही सांगतो. पण ही माणसं सभेहून घरी पोचेपर्यंत खिडकीत कोण उभं होतं, ते कुणी सांगत नाही.

आणि तुझं तरी कुठं चुकलं? सुरुवात माझ्याच माईकवर झाली. २००४ ची विधानसभा, तू आठ वर्षांची. लोकसभेचं बिल विधानसभा आली तरी थकलेलं, आणि त्याच माणसाची सभा, नाही म्हणायची सोय नव्हती. घरात मी आणि आई बोलत होतो ते तू ऐकलं असणार. सभेला गर्दी जमली, साहेब यायचे होते, मी मागं वायर जोडत होतो आणि कर्ण्यातून आवाज आला, "हॅलो हॅलो, माईक टेस्टिंग, एक दोन तीन, आमच्या आप्पांचे पैसे द्या." आख्खं मैदान हसलं. मी धावत येऊन तुला खाली ओढलं, दंडाला धरून. तू रडली नाहीस. गर्दीकडं बघत होतीस, हसणाऱ्या लोकांकडं. तेव्हाच मला कळायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी माणूस पाकीट घेऊन आला. पूर्ण रक्कम. तुला मी ते सांगितलं नव्हतं, उलट आठ दिवस ओरडत होतो.

तुझा माझ्यावरचा विनोद मला दादानं दाखवला. "माझ्या वडिलांनी आयुष्यभर पुढाऱ्यांचा आवाज मोठा केला, आणि मला म्हणतात, तू हळू बोल." लोक टाळ्या वाजवत होते. मीही हसलो. मग रात्री झोप लागली नाही. प्रत्येक सभेला दहाला पाच मिनिटं कमी असताना वायरीवर हात ठेवून उभा राहायचो. पोलीस बघायचे, दहाला बंद म्हणजे बंद. तेवढा एकच क्षण असायचा की साहेबांचा आवाज माझ्या हातात आहे. तो मी कधी वापरला नाही. दहाला बंद केला, एवढंच.

आज दुपारी प्रीतिसंगमाकडं फिरायला जातो म्हणून निघालो आणि त्या हॉलवर गेलो. मागचं दार आहे. त्याच्यासमोर लोखंडी कपाट ठेवलंय आणि कुलपाला गंज चढलाय. वॉचमनला बाप कोण, पोरगी कोण ते सांगितलं. तो तुझा तो नळाचा विनोद म्हणून दाखवायला लागला, पूर्ण, अगदी तुझ्यासारखे हातवारे करून. मग आम्ही दोघांनी मिळून कपाट सरकवलं. कुलपात तेल घातलंय. शनिवारी संध्याकाळपासून किल्ली माझ्याकडं असेल आणि मी मशीनपाशी बसेन. तुझा साउंडवाला नको म्हणाला तरी बसेन. मला ओळख दाखवायची गरज नाही.

त्या गृहस्थांचं आईला सांगितलेलं नाही. तूही सांगू नकोस.

तुझा,
आप्पा

ता. क. डब्यात आईनं यावेळी शंकरपाळ्या जास्त केल्यात. आणि त्या हॉलचा उजवीकडचा बॉक्स शिट्टी मारतो, मी तपासून आलोय. बोलताना तुला उजवीकडं सरकायची सवय आहे. डावीकडं राहा.