खजाना विहिरीचे भुयारी पाट आधी नकाशावर आणा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

बीडच्या इतिहासाचा विषय निघाला की गाडी थेट राक्षसभुवनावर जाते. 1763 साली माधवराव पेशव्यांनी निजामाला गोदावरीकाठी हरवलं, हे शाळेतलं पोरगंही सांगतं. त्याचा अभिमान आहेच. पण ती लढाई झाली तिकडे गेवराईच्या बाजूला. खुद्द बीड शहर ज्या पाण्यावर उभं राहिलं, त्या पाण्याचा इतिहास मात्र आपल्या पायाखाली बुजत चालला आहे, म्हणून हे पत्र.

आपलं गाव बालाघाटाच्या पायथ्याला, खोलगटात वसलेलं. वाघिऱ्याकडच्या डोंगरात उगम पावलेली बिंदुसरा गावाच्या मधून जाते. एका अंगाला जुनं शहर, पलीकडे पेठ बीड. कंकालेश्वराचं देऊळ आपल्या पूर्वजांनी तळ्याच्या मधोमध बांधलं, यावरूनही या खोलगटात पाण्याशी त्यांचं नातं कसं होतं ते कळतं. डोंगरावर पडलेलं पाणी इकडेच येणार, वरून नदीतून आणि जमिनीखालून झिरपत. जमिनीखालचं हे पाणी धरण्याची युक्ती म्हणजे खजाना विहीर.

सोलापूर-धुळे रस्त्यावर शहराच्या दक्षिणेला सहाएक किलोमीटरवर ही विहीर आहे. 1582 च्या सुमारास, अहमदनगरच्या मूर्तझा निजामशहाच्या काळात, बीडचा जहागीरदार सलाबतखान याने ती बांधून घेतली. बांधणारा स्थपती राजा भास्कर. मलिक अंबरने खडकी, म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगर, वसवलं 1610 साली. म्हणजे तिथल्या ज्या नहरींचं, भुयारी कालव्यांचं, आपण कौतुक ऐकतो त्यांच्याही आधीचं हे काम. तिकडच्या नहरींवर व्याख्यानं होतात, पाणचक्कीला सहली जातात. आपल्या विहिरीजवळून हजारो गाड्या रोज जातात आणि गाडीतल्या माणसाला पत्ताही नसतो.

ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी थोडं सविस्तर लिहितो. पायऱ्या उतरून आत गेलं की काठाच्या बांधकामात बोगद्यांची तोंडं दिसतात. दोन बोगद्यांनी वरच्या अंगाचं पाणी विहिरीत येतं, एका बोगद्याने ते बाहेर पडतं आणि खाली बलगुजारच्या शिवाराला जातं. मोट नाही, रहाट नाही, आजच्या भाषेत मोटार नाही. सगळं काम जमिनीच्या उतारावर. म्हणून कितीही पाऊस होवो, विहीर तुडुंब भरत नाही, कारण जास्तीचं पाणी पुढे निघून जातं. आणि 1972 च्या दुष्काळातही ती आटली नाही, असं जुनी माणसं सांगतात. ज्या जिल्ह्यात उन्हाळा लागला की टँकरच्या खेपा मोजाव्या लागतात, तिथे चारशे वर्षांहून जुनी अशी व्यवस्था हाताशी असणं किती मोलाचं आहे!

खरी काळजी विहिरीची नाही, बोगद्यांची आहे. विहीर डोळ्यांना दिसते, तिच्यासाठी कुणी ना कुणी बोलतं. बोगद्यांचे हे भुयारी पाट शेतांखालून गेले आहेत आणि हवा-उजेडासाठी, आत उतरून गाळ काढण्यासाठी त्यांना जागोजागी वर तोंडं ठेवलेली आहेत. त्यातलं एक तोंड मी परवा पाहिलं. कडेचे घडीव दगड अजून जागेवर, पण आत मुरूम, फुटक्या फरश्या आणि प्लास्टिकच्या गोण्या. शेजारी प्लॉटिंगसाठी आखलेले चुन्याच्या फक्कीचे पट्टे. तिथल्या एका वयस्कर शेतकऱ्याने सांगितलं, "आमी पोरं आत उतरून गाळ काढायचो. आता कुणाला दावावं, इथून पाट जातो म्हणून?" प्लॉट पाडणाऱ्यालाही सगळा दोष देता येत नाही. ज्या पाटाची नोंद त्याच्यापुढच्या कागदावर नाही, तो त्याला कसा कळणार? पण एकदा वर घर झालं, शोषखड्डा खणला, की तो पाट कायमचा गेला, आणि त्याच्या खालचं शिवारही.

बिंदुसरेचीही हीच गत. 23 जुलै 1989 चा पूर ज्यांनी पाहिला ते आजही आभाळ बालाघाटाकडे काळं झालं की झोपत नाहीत. अनेक माणसं गेली, वस्त्याच्या वस्त्या वाहून गेल्या. तरी नदीच्या पात्रात भराव पडतोच आहे आणि पुराचं पाणी कुठवर आलं होतं हे नव्या पिढीला दाखवणारी साधी खूणही जागोजागी दिसत नाही. डोंगरातलं पाणी वाट विसरत नसतं.

माझी मागणी फार मोठी नाही. सुशोभीकरण, कारंजी, रंगीत दिवे यांच्या आधी भूमी अभिलेख खातं, नगरपालिका आणि पुरातत्त्व विभाग यांनी मिळून खजाना विहिरीच्या तिन्ही पाटांची मोजणी करावी. पाट कोणत्या गटांतून जातो याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कांत आणि शहराच्या विकास आराखड्यात यावी. ही नोंद होईपर्यंत त्या पट्ट्यात अकृषिक परवानगी देऊ नये. शेतकऱ्यांच्या जमिनीवर बंधन येत असेल तर त्यांना मोबदलाही मिळायला हवा, कारण आजवर ही तोंडं त्यांनीच सांभाळली आहेत. आणि बिंदुसरेच्या दोन्ही काठांवर पूररेषेचे दगड रोवावेत, कागदावरच्या रेषेवर कुणी थांबत नाही.

ज्यांना हे पाट कुठून जातात ते तोंडपाठ आहे ती माणसं आता सत्तरी-ऐंशीतली आहेत. त्यांना सोबत घेऊन शिवार फिरायचं तर ते याच उन्हाळ्यात, पेरणीच्या आधी व्हायला हवं. गाळ काढायला शाळा-महाविद्यालयांची पोरं येतील, आमच्या गल्लीतली तरुण मंडळी तयार आहेत, मीही येईन. फक्त कुठे उतरायचं ते मोजणी करून प्रशासनाने दाखवावं.

आपला,
एक वाचक, पेठ बीड