बोलपटाने तिला संपवले नाही

बोलपटांचा इतिहास सांगताना ब्रिटिश दिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘ब्लॅकमेल’चे (१९२९) नाव हमखास येते, त्यातली नायिका ॲनी ओंड्रा मात्र कुणाच्या गावीही नसते. प्रागमध्ये वाढलेल्या ॲनीच्या इंग्रजीला चेक ढब होती आणि मागाहून डबिंग करण्याची सोय तेव्हा नव्हती. म्हणून कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेर मायक्रोफोनपाशी उभी राहून जोन बॅरी ही इंग्रज अभिनेत्री संवाद म्हणायची आणि ॲनी त्याबरहुकूम नुसते ओठ हलवायची. (बॅरीला श्रेयनामावलीत जागा नाही, हे मला जास्त खटकते.)

आवाजापायी ॲनीची कारकीर्द बुडाली, हा समज चुकीचा आहे. बुडाले ते फक्त इंग्लंडमधले काम. दिग्दर्शक कारेल लामाचसह तिने १९३०मध्ये बर्लिनला चित्रपटसंस्था काढली आणि जर्मन व चेक बोलपटांत स्वतःच्याच आवाजात विनोदी भूमिका गाजवल्या.

– एक चित्रपटप्रेमी, पुणे