काळ्या मुसळीच्या पानाची चुणी

माननीय संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

विषय : ‘प्लायकेट’ या इंग्रजी विशेषणाचा मराठी अर्थ

यंदा पावसाळ्याच्या सुरुवातीला आमच्या तालुक्यात वनौषधी गोळा करणाऱ्या तरुणांसाठी एक दिवसाचे प्रशिक्षण झाले. निवृत्त विज्ञान शिक्षक म्हणून मलाही बोलावणे होते. तिथे वाटलेल्या पुस्तिकेत काळ्या मुसळीचे वर्णन ‘पाने लांबट, अरुंद व गुंतागुंतीची’ असे छापलेले वाचून मी चक्रावलो, कारण काळ्या मुसळीइतकी सरळसाधी पाने आमच्या जंगलात शोधून सापडायची नाहीत. समोरच्या पानावर मूळ इंग्रजी मजकूर होता, आणि ज्या शब्दाचे हे मराठी झाले होते तो शब्द होता ‘प्लायकेट’. अनुवाद करणाऱ्याला तो ‘कॉम्प्लिकेटेड’चा धाकटा भाऊ वाटला असावा. पुस्तिका कोणी काढली हे सांगून कोणाला उघडे पाडण्याची माझी इच्छा नाही. परंतु हा शब्द मराठीत येताना वारंवार घसरतो, म्हणून हे पत्र.

दुपारी आम्ही गावालगतच्या जंगलात गेलो. माझ्याच एका जुन्या विद्यार्थ्याने काळ्या मुसळीचे नेमके झाड उपटले, पुस्तिकेशी ताडून पाहिले आणि फेकून दिले. “सर, हे पान तं साधंच हाये, याच्यात गुंतागुंत कुठं हाये?” असा त्याचा प्रश्न होता, आणि पुस्तिकेपुरते पाहिले तर तो चुकला नव्हता. आमच्याबरोबर आलेल्या एका म्हाताऱ्या आजींनी ते झाड उचलले, मातीतला काळपट, बोटाएवढा जाड कंद त्याला दाखवला आणि म्हणाल्या, “ज्याच्या पानाले लुगड्यावानी निऱ्या असतेत, तेच मुसळी.” आजींना इंग्रजी येत नाही. तरीही ‘प्लायकेट’ या शब्दाचा याहून चांगला अर्थ मी कोणत्याही वर्गात सांगू शकलो नसतो.

मूळ शब्द लॅटिन आहे. ‘प्लिकारे’ म्हणजे घडी घालणे, आणि ‘प्लिकातुस’ म्हणजे घडी घातलेला. या एका क्रियापदाचा इंग्रजीतला गोतावळा आपल्या रोजच्या बोलण्यात येऊन बसला आहे. प्लायवूडमधला ‘प्लाय’ म्हणजे एकावर एक बसवलेला थर, तो याच घरातला. शाळेच्या गणवेशातल्या स्कर्टला शिंपी ज्या ‘प्लेटा’ घालतो तो मूळचा ‘प्लीट’, तोही याच घरातला. ‘ड्युप्लिकेट’ म्हणजे दुहेरी केलेला. इथे आपल्या ‘दुप्पट’, ‘तिप्पट’मधला ‘पट’ आठवावा. ‘एक्सप्लिकेट’ म्हणजे घडी मोडून पसरणे, म्हणजेच स्पष्ट करून सांगणे, आणि मराठीतही आपण कोड्याचा ‘उलगडा’ करतो तेव्हा मनाशी हीच घडी उकलत असतो. ‘कॉम्प्लिकेट’ म्हणजे अनेक घड्या एकत्र करणे, आणि त्यातूनच गुंत्याचा अर्थ आला. तेव्हा नाते खरे आहे, पण ते चुलत नाते आहे. गुंता आला तो ‘कॉम’ या उपसर्गामुळे. नुसत्या ‘प्लायकेट’मध्ये गुंता नावालाही नाही, उलट त्यातल्या घड्या शिस्तीत, एकमेकींना समांतर असतात. उच्चारही ‘प्लिकेट’ असा नसून ‘प्लायकेट’ असा आहे, हे जाता जाता नोंदवतो.

यापूर्वी दुसऱ्या एका माहितीपत्रकात याच शब्दासाठी ‘दुमडलेली पाने’ असे भाषांतर वाचले होते. ते ‘गुंतागुंतीची’पेक्षा बरे, पण बरोबर नाही, आणि माझा खरा आक्षेप या दुसऱ्या चुकीवर आहे, कारण ती चूक वाटतच नाही. दुमड एकच असते. धोतराचा सोगा आपण दुमडतो, पत्र दुमडून पाकिटात घालतो. ‘प्लायकेट’ पान मात्र लांबीच्या दिशेने अनेक वेळा, एकदा वर आणि एकदा खाली असे आळीपाळीने चुणलेले असते, मिटलेल्या हातपंख्यासारखे. एकाच घडीसाठी वनस्पतिशास्त्रात वेगळा शब्द आहे, ‘कॉनड्युप्लिकेट’. पान मध्यशिरेवर वहीसारखे मिटले की ते कॉनड्युप्लिकेट, आणि त्याचे उदाहरण दसऱ्याला आपण ज्याचे सोने लुटतो त्या आपट्याच्या कोवळ्या पानात पाहायला मिळते. ‘दुमडलेले’ हा शब्द आपट्याला द्यावा, मुसळीला देऊ नये.

कळीत असताना पान कसे मिटलेले असते याचे प्रकार स्वीडनच्या कार्ल लिनियसने १७५१ मधील ‘फिलॉसॉफिया बोटॅनिका’ या लॅटिन ग्रंथात नावे देऊन मांडले, आणि त्यांत हा ‘प्लिकाटा’ होता. बाकीचे प्रकार आपल्या परसातही सापडतात, आणि गंमत अशी की त्यांतल्या बहुतेकांना मराठीत नावे आधीपासून आहेत. केळीचे नवे पान निघते ती सुरळी. नेच्याचे पान टोकाकडून मुळाकडे घड्याळाच्या कमानीसारखे वळलेले असते ती गुंडाळी. कोबीचे पान चुरगळलेले. कण्हेरीच्या कोवळ्या पानाच्या दोन्ही कडा खालच्या अंगाला मुरडलेल्या असतात. सुरळी, गुंडाळी, चुरगळ, मुरड, दुमड आणि चुणी हे सहाही शब्द घरातल्या बायामाणसांना वेगवेगळे कळतात. करंजीची कडा मुरडायची असते आणि निरी चुणायची असते हे कोणाला समजावून द्यावे लागत नाही. मग शास्त्राचे मराठी लिहिताना या सगळ्यांवर ‘दुमडलेले’ हे एकच झाकण का ठेवावे?

‘प्लायकेट’चे ठळक उदाहरण पुस्तकांत ताडाचे दिले जाते. ताडाचे नवे पान शेंड्यातून बाहेर पडते तेव्हा ते मिटलेल्या पंख्यासारखे असते, आणि उघडल्यावरही त्याच्या चुण्या जात नाहीत. आमच्या जिल्ह्याच्या दक्षिणेला, सिरोंच्याकडे, ताड पुष्कळ. इतरत्र विदर्भात शिंदी अधिक. शिंदीच्या झावळीचे प्रत्येक पाते मध्यावर घडी पडून वरच्या बाजूला पन्हळीसारखे उघडे असते, तर नारळाचे पाते बरोबर उलटे, घराच्या आढ्यासारखे दोन्हीकडे उतरते असते. या दोन घड्यांनाही इंग्रजीत निरनिराळी नावे आहेत, ‘इंड्युप्लिकेट’ आणि ‘रिड्युप्लिकेट’, आणि ताड-माड वर्गातली झाडे ओळखताना अभ्यासक आधी हेच पाहतात. शिंदीच्या पानांचे झाडू बांधणाऱ्यांच्या हाताला ही पन्हळ रोज लागते. पानांपुरतेच हे नाही. उकिरड्यावर उगवणाऱ्या, महादेवाला वाहिल्या जाणाऱ्या धोतऱ्याची उमलण्याआधीची कळी पाहावी. मिटून पीळ दिलेल्या छत्रीसारख्या तिच्या घड्या असतात, आणि तिथेही पाकळ्यांच्या वर्णनात हेच विशेषण येते.

आता शब्दाची दुसरी छटा, जी अनुवादात हमखास हरवते. ‘प्लायकेट’ म्हटले म्हणजे ती वस्तू मिटलेलीच असली पाहिजे असे नाही. पृष्ठभागावर समांतर उंचवटे आणि खाचा असतील तर पूर्ण उघडलेली, कधीही न मिटणारी वस्तूही ‘प्लायकेट’ असते. काळ्या मुसळीचे वाढलेले पान असेच आहे. ते सपाट पसरलेले असते, कोणी ते मिटवू शकत नाही, पण लांबीभर रेघांसारख्या चुण्या त्यावर कायम असतात. ‘दुमडलेले’ या शब्दात उलगडण्याची शक्यता गृहीत असते, म्हणून ‘दुमडलेले पान’ शोधणारा मुलगा या पानापाशी थांबणारच नाही. समजावून सांगायचे तर मी टिनाच्या पत्र्याचा दाखला देतो. सपाट पत्रा दोन टोकांना धरला की मध्ये लवतो, नालीदार पत्रा लवत नाही, आणि म्हणून आमच्या गोठ्यांवर नालीदार पत्राच असतो. पातळ पान जाड न होता ताठ राहते ते याच युक्तीने, आणि ताडाचे एवढे रुंद पान वाऱ्यात टिकते त्यातही या चुण्यांचा वाटा आहे.

इंग्रजीत हा शब्द कुठे वापरावा, याविषयी दोन वाक्ये. तो शास्त्राच्या लिखाणातला शब्द आहे. वनस्पती, शिंपल्यांच्या कवचांवरचे उंचवटे, आणि शस्त्रक्रियेत एखादा अवयव चुणून टाके घालण्याच्या क्रियेला म्हणतात ते ‘प्लायकेशन’, एवढाच त्याचा संसार. शिवलेल्या स्कर्टला किंवा कागदी पंख्याला इंग्रज ‘प्लीटेड’ म्हणेल, घडी घातलेल्या वर्तमानपत्राला ‘फोल्डेड’ म्हणेल, आणि तिथे ‘प्लायकेट’ वापरणारा उगीच पंडिती दाखवतो असे त्याला वाटेल. वनस्पतींच्या शास्त्रीय नावांत मात्र तो जागोजाग भेटतो. आपल्या बागांतल्या मोरपंखीचे एक नातलग झाड उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर प्रचंड वाढते, त्याचे नाव ‘थुजा प्लिकाटा’, आणि त्या नावामागे त्याच्या चपट्या डहाळ्यांवरची घडी घातल्यासारखी दिसणारी पाने आहेत.

मराठीत यासाठी ‘चुणीदार’ हा शब्द घ्यावा असे माझे मत आहे. ‘निरीदार’ही चालला असता, परंतु निरी म्हटले की कापड डोळ्यांपुढे येते, आणि पुरुष वाचकांना, विशेषतः शहरातल्या, निरीच्या घड्या नेमक्या कशा असतात हे ठाऊक असेलच याची खात्री नाही. ‘चुणी’ कापडालाही आहे, कागदालाही आहे आणि कातडीलाही आहे. काही विद्वान ‘वलित’ किंवा तत्सम संस्कृत शब्द सुचवतील. त्यांना विरोध नाही, पण ‘वलित’ वाचून आमचा मुलगा योग्य झाड उपटेल का, हा माझा साधा प्रश्न आहे. ‘सुरकुतलेले’ मात्र अजिबात नको, कारण सुरकुती आडवीतिडवी कशीही पडते. शासनाचे भाषा संचालनालय १९६० मध्ये स्थापन झाले आणि त्याने निरनिराळ्या शास्त्रांचे परिभाषा कोश काढले आहेत. पुस्तिका छापायला देण्याआधी त्यांपैकी वनस्पतिशास्त्राचा कोश उघडावा, आणि तो उघडून झाल्यावर ज्यांच्यासाठी पुस्तिका काढायची त्यांच्यापैकी एकाला ते झाड हातात देऊन पान कसे दिसते ते विचारावे.

शेवटी एक व्यवहाराची गोष्ट. काळ्या मुसळीचा कंद उपटला की ते झाड संपते. चुकीचे वर्णन हाती असलेला मुलगा खरे झाड फेकून देतो आणि मग शोधत दुसरी चार झाडे उपटतो, म्हणजे जंगलाचे नुकसान दोनदा होते. सफेद मुसळीशीही तिची गल्लत होते, पण सफेद मुसळीची फुले पांढरी असतात आणि काळ्या मुसळीची पिवळी, जमिनीलगत, सहा पाकळ्यांच्या चांदणीसारखी. फुले नसताना मात्र सगळा भरवसा पानावरच असतो. त्या प्रशिक्षणाच्या आयोजकांना मी लेखी कळवले आहे. पुस्तिकेच्या बऱ्याच प्रती अजून वाटायच्या आहेत असे त्यांच्याकडून समजले. त्यांवर ‘गुंतागुंतीची’ या शब्दावर कागदाची पट्टी डकवून ‘लांबीच्या दिशेने चुणीदार’ असे लिहिता येईल, आणि त्यासाठी पट्ट्या कापून लिहून देण्याची माझी तयारी आहे.

आपला नम्र,
एक निवृत्त विज्ञान शिक्षक
आरमोरी तालुका, जि. गडचिरोली