निकालाचा उरलेला अर्धा भागही छापा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

‘निवड यादीत नाव आले म्हणजे नोकरीचा हक्क मिळत नाही’ असे तुम्ही परवाच्या अंकात ठळक अक्षरांत छापले. वाक्य खोटे नाही. पण सर्वोच्च न्यायालय त्या वाक्यावर थांबले नव्हते, तुमचा वार्ताहर थांबला. आमच्या कोरेगावच्या अभ्यासिकेत तो अंक दिवसभर फिरला आणि ‘आता बोलून उपयोग नाही’ असे मुले एकमेकांना सांगू लागली. मला राहवले नाही.

शंकरसन दाश यांचा निकाल १९९१ चा, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा. भारतीय पोलीस सेवेतल्या रिकाम्या जागेसाठी ते भांडले आणि हरले. पण त्याच निकालात म्हटले आहे की जागा भरायची नाही हे सरकारने मनमानीने ठरवायचे नाही, त्यामागे प्रामाणिक आणि योग्य कारण हवे, आणि जागा भरायच्याच तर गुणवत्तेचा क्रम मोडता येणार नाही. ७ नोव्हेंबर २०२४ रोजी तेजप्रकाश पाठक प्रकरणात पुन्हा पाच न्यायमूर्तींनी हेच सांगितले आणि एक पाऊल पुढे गेले. निवड झालेल्या उमेदवाराने नेमणूक नाकारल्याबद्दल दाद मागितली, तर का नाकारली हे पटवून देण्याची जबाबदारी सरकारवर आहे, उमेदवारावर नाही. समानतेची आणि सरकारी नोकरीत समान संधीची हमी देणाऱ्या राज्यघटनेच्या १४ आणि १६ या अनुच्छेदांचा अर्थ एरवी काय राहतो? हा भाग तुमच्या बातमीत एका ओळीनेही नव्हता.

माझी पुतणी लिपिक-टंकलेखकाच्या निवड यादीत होती. कार्यालयाचे नाव लिहीत नाही, आपल्याच जिल्ह्यातले आहे. कागदपत्र पडताळणी झाली, मूळ प्रमाणपत्रे तपासली, चारित्र्य पडताळणीचे फॉर्म भरून घेतले. ‘आदेश लवकरच निघतील, आधीच्या ठिकाणचे कार्यमुक्तीचे पत्र तयार ठेवा’ असे तिथल्याच टेबलावर सांगितले. पोरीने कराडच्या पतसंस्थेतली नोकरी सोडली. मग सुरू झाले ‘वरून आदेश नाहीत’. वर म्हणजे कुठे, हे एकानेही सांगितले नाही. मी स्वतः तिच्याबरोबर जायचो. ज्या खुर्चीवर तिने बसायचे, त्या खुर्चीवर कंत्राटी माणूस बसून आमचाच अर्ज आवक नोंदवहीत चढवत होता. काम आहे, खुर्ची आहे, पगारही कोणाला तरी जातो आहे, मग यादीतली मुलगी का नको? त्या कंत्राटी पोराचा यात काही दोष नाही, त्यालाही पोट आहे. उत्तर द्यायचे होते ते साहेबांनी. माहितीच्या अधिकारात अर्ज केला तर कायद्याची ३० दिवसांची मुदत उलटून गेल्यावर ‘प्रकरण शासनस्तरावर प्रलंबित आहे’ एवढे एका ओळीचे पत्र आले. पुढे यादीची मुदत संपली, तेही आम्हाला कोणी कळवले नाही. आम्हीच विचारले तेव्हा समजले.

तिला नोकरी दिलीच पाहिजे होती असे मी म्हणत नाही. कारण लेखी द्यायला हवे होते. आकृतिबंध, म्हणजे मंजूर पदांचा आराखडा, बदलला असेल, जागा कमी झाल्या असतील, आरक्षणाचा मुद्दा न्यायालयात अडकला असेल, तर तसे लिहून द्या. २०१९ च्या राज्यसेवा परीक्षेतून निवडलेली मुले मराठा आरक्षणाच्या स्थगितीमुळे किती काळ ताटकळली हे सगळ्यांनी पाहिले आहे. निदान का थांबलो हे तरी त्यांना ठाऊक होते. कारणच नाही म्हटल्यावर भांडायचे कशाशी?

आणि यात वेळ जातो तो उमेदवाराचा. राज्य सरकारच्या पदासाठी दाद मागायची ती आधी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, आणि १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याने त्याला साधारण एक वर्षाची मुदत घातली आहे. ‘कळवू, कळवू’ ऐकत जो विश्वासाने घरी बसतो त्याची ती मुदत टळते. उशीर माफ करून घेता येतो, पण त्यासाठी पुन्हा वकील, पुन्हा खर्च. यादीत नाव असणाऱ्या प्रत्येक मुलामुलीने पहिल्याच महिन्यात लेखी अर्ज देऊन पोच घ्यावी, यादीची शेवटची तारीख लेखी मागावी, हे तुम्ही छापले असते तर त्या बातमीचा उपयोग झाला असता.

मॅटचा विषय निघालाच आहे म्हणून लिहितो. उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सुरू झाले, सातारा-सांगलीच्या वकिलांनी त्यासाठी वर्षानुवर्षे आंदोलने केली, तुम्हीही पानेच्या पाने छापलीत. पण मॅटची पीठे मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला. म्हणजे ज्याचा वाद मॅटऐवजी उच्च न्यायालयात जातो तो जिल्हा परिषदेच्या भरतीतला उमेदवार कोल्हापूरला जाऊ शकतो, आणि तहसील कचेरीतल्या पदासाठी निवडलेल्या माण-खटावच्या किंवा जतच्या मुलाने मुंबई गाठायची, तीही नोकरी नसताना. कोल्हापूरला मॅटचे पीठ द्या ही मागणी आपल्या दोन्ही जिल्ह्यांच्या आमदारांनी आता लावून धरावी, आणि तुमच्या वार्ताहराने त्यांना त्याबद्दल एकेकाला गाठून विचारावे.

आपला,
एक निवृत्त शिक्षक
कोरेगाव, जि. सातारा