केबल जोडली, तरी लाल दिवा का?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

उसाचा हंगाम सुरू झाला की सांगली-साताऱ्यात इंटरनेट बंद पडल्याच्या तक्रारी वाढतात. ‘माणूस येऊन केबल जोडून गेला, दोन दिवसांत पुन्हा राऊटरवर लाल दिवा’ ही त्यातली नेहमीची. दर वेळी कामचुकारपणाच असतो असे नाही. बऱ्याचदा केबल तुटलेली दिसते एका ठिकाणी आणि आतले फायबर, म्हणजे उजेडातून नेट वाहून नेणारे काचेचे तंतू, मोडलेले असते भलतीकडे. जोडल्यावर पुन्हा न मोजता शिडी उतरवली, की तो दुसरा बिघाड तसाच राहतो.

उसाच्या ट्रॉलीचेच घ्या. रस्ता ओलांडणारी लोंबती केबल मोळ्यांत अडकते आणि ट्रॉली थांबेपर्यंत ओढली जाते. तुटका भाग सर्वांना दिसतो, पण ताण पुढच्या दोन-तीन खांबांपर्यंत पोहोचलेला असतो. जॉइंट बॉक्समध्ये केबलच्या मधली कडक काडी स्क्रूखाली घट्ट आवळलेली नसेल, तर केबल बोटभर मागे सरकते आणि ट्रेमधले फायबर तुटतात. बॉक्स मात्र बाहेरून धडधाकट. रस्त्यावरचे दोन्ही जोड उत्तम झाले तरी उजेड पुढे जात नाही, तो यामुळे.

पाचट पेटवल्यावर होणारे नुकसान याहून फसवे. बांधावरची केबल तुटत नाही. आवरण वितळते, आतल्या नळ्या आकसतात आणि फायबर जागोजागी वाकतात. ओटीडीआरवर (फायबरमध्ये उजेड सोडून बिघाड किती अंतरावर आहे ते पडद्यावर रेघेने दाखवणारे यंत्र) अशा ठिकाणी सरळ तुटलेली पायरी दिसत नाही, रेघ पंधरा-वीस मीटर तिरकी घसरते. १३१० नॅनोमीटर तरंगलांबीच्या उजेडावर घट थोडी आणि १५५० वर बरीच जास्त दिसली, तर फायबर वाकले आहे असे समजावे. मधे एक जोड मारून इथे उपयोग नाही. भाजलेला पूर्ण तुकडा काढून नवी केबल टाकावी लागते, म्हणजे दोन जोड आणि दोन बॉक्स. खर्च वाचवायला नेमके हेच टाळले जाते.

आता अंतराविषयी. ओटीडीआर फायबरची लांबी सांगतो, रस्त्याची नाही. नळीतले फायबर केबलपेक्षा साधारण एक टक्का लांब असते, शिवाय प्रत्येक जॉइंटपाशी दहा-पंधरा मीटरचे वेटोळे ठेवलेले असते. यंत्राने ३४२० मीटर दाखवले म्हणून पहिल्या खांबापासून टेप धरून खणायला गेलात, तर खड्डा चुकणारच. जवळच्या माहीत असलेल्या जॉइंटपासून मोजावे. तो ३०५० मीटरवर दिसत असेल तर उरले ३७०. त्यातून १५ मीटरचे वेटोळे आणि चारेक मीटर एक टक्क्याचे वजा केले की शोध ३५० मीटरच्या आसपास येतो. दुसऱ्या टोकाकडूनही मोजले तर शंका उरत नाही. मात्र चालू लाइनवर साधा ओटीडीआर लावू नये. त्या स्प्लिटरवरच्या (एका फायबरमधला उजेड अनेक घरांना वाटणारा भाग) सगळ्या घरांचे नेट डगमगते आणि यंत्राचा रिसीव्हरही जळू शकतो. त्यासाठी फिल्टर असलेले १६२५ किंवा १६५० नॅनोमीटरचे पोर्ट वापरतात.

ग्राहकालाही थोडा हिशेब कळलेला बरा. डीबीएम हे उजेडाच्या ताकदीचे माप, डीबी हे वाटेत होणाऱ्या घटीचे. एक्स्चेंजमधून उजेड अधिक ३ डीबीएमने निघाला, तर ३२ घरांच्या स्प्लिटरमध्ये सुमारे १७ डीबी जातात, आठ किलोमीटर फायबरमध्ये दोनेक, जोड आणि कनेक्टर मिळून आणखी दोनेक. घरी उणे १८ च्या आसपास मिळायला हवेत. उणे २५ च्या खाली गेले की नेट अडखळते, उणे २७ नंतर लाल दिवा ठरलेलाच. म्हणून दुरुस्तीनंतर पॉवर मीटरचा आकडा विचारून लिहून ठेवावा. ‘चालू झालं बघा’ हे मोजमाप नव्हे. तक्रार करताना शेजाऱ्यांचे चालू आहे का तेही सांगावे. तुमचे एकट्याचे बंद असेल तर घरापर्यंतची वायर किंवा कनेक्टर, बॉक्सवरची सगळी घरे बंद असतील तर स्प्लिटरला येणारी लाइन, गावच बंद असेल तर मुख्य केबल. एकट्याचे बंद असताना बऱ्याचदा हिरव्या कनेक्टरच्या टोकावरची धूळच निघते. ती शर्टाने पुसू नये, आणि टोकाला डोळा तर मुळीच लावू नये. आतला लेसर दिसत नाही, पण डोळ्याला इजा करू शकतो.

जोड मारताना मशीन ०.०२ डीबी दाखवते तो अंदाज असतो, खरे नुकसान ओटीडीआरनेच, दोन्ही बाजूंनी मोजून कळते. जोडापेक्षा बॉक्सच जास्त दगा देतात. रबरी गॅस्केटवर चिखलाचा कण राहिला किंवा रिकामे पोर्ट बूच न लावता सोडले, की पहिल्याच वळवात पाणी आत. प्लॅस्टिकची पिशवी गुंडाळून चिकटपट्टी मारलेले बॉक्स कराडपासून मिरजेपर्यंत खांबाखांबावर लटकताना दिसतात. घुमटाकार बॉक्स तोंड खाली करून टांगायचा, हे तरी पाळले जावे.

राहता राहिले खोदकाम. महामार्गाचे सहापदरीकरण असो की गावातली जलजीवनची पाइपलाइन, जेसीबी लावण्याआधी केबलमालकाला कळवण्यासाठी केंद्राने मार्च २०२३ मध्ये ‘कॉल बिफोर यू डिग’ हे अ‍ॅप आणले आहे. ग्रामपंचायती आणि नगरपालिकांनी खोदाईची परवानगी देताना अ‍ॅपवरच्या नोंदीची प्रत अर्जाला जोडायला लावावी. केबल कंपन्यांनीही प्रत्येक नव्या जॉइंटचे ठिकाण आणि तिथे ठेवलेल्या वेटोळ्याची लांबी त्याच दिवशी नकाशावर चढवावी. नाहीतर वर सांगितलेली वजाबाकी करायची कशावरून?

– फायबर दुरुस्तीच्या कामातील एक वाचक, पलूस (जि. सांगली)