बाईचं नाव सातबाऱ्यावर कधी येणार? महसूलमंत्र्यांना खुले पत्र

मा. महसूलमंत्री, महाराष्ट्र राज्य
यांस सविनय नमस्कार.

साहेब, आमच्या जालना जिल्ह्यातल्या किती तरी घरांत आता शेती बायकाच बघतात. नवरे वाळूजला, चाकणला कंपनीत. खुरपणी-वेचणी बाईच्या वाट्याला होतीच. आता बियाणं कोणतं घ्यायचं, फवारा कधी मारायचा, रात्रीची लाइट आली की मोटार चालू करायला कोण जायचं, कापूस कोणत्या भावाने सोडायचा, हेही तीच ठरवते. माझ्या आईला धान्याचं पोतं विकायचं तरी वडिलांना विचारावं लागे. माझी सून मोबाइलवर ई-पीक पाहणी, म्हणजे शेतात कोणतं पीक आहे याची सरकारी नोंद, स्वतः भरते. फक्त ज्या गटाची पाहणी ती भरते, त्या गटावर तिचं नाव नाही.

नाव नाही म्हणून पीककर्ज नाही, ठिबकचं अनुदान नाही, शेतकरी ओळख क्रमांक नाही. गारपीट झाली की पंचनाम्याला बांधावर ती उभी राहते आणि पैसे नवऱ्याच्या खात्यात जातात. 2015-16 च्या कृषिगणनेत देशातल्या शंभर वहितीदारांत, म्हणजे जमीन कसणाऱ्यांत, बायका जेमतेम चौदा होत्या.

महाराष्ट्र या बाबतीत मागे नव्हता, याचा मला अभिमान आहे. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची हाक दिली, तेव्हा हजारो शेतकऱ्यांनी आपण होऊन बायकोच्या नावे जमीन केली. 1992 मध्ये सरकारनेही नवऱ्याच्या हयातीतच बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून लावायची सोय केली. लेकींना वडिलोपार्जित जमिनीत बरोबरीचा वाटा आपण 1994 मध्ये दिला, देशाने 2005 मध्ये. मग अडलं कुठे?

अडलं ते मर्जीवर. लक्ष्मीमुक्तीचा अर्ज नवऱ्याने करायचा. तो करत नाही, आणि गावात कुणी त्याला विचारतही नाही. लेकींचं तर त्याहून वाईट. बापाचं तेरावं उरकत नाही तोच भाऊ हक्कसोडपत्राचा विषय काढतो. सही केली नाही तर माहेर तुटतं, ही धास्ती घेऊन बाई निबंधकाच्या कचेरीत उभी राहते. तिथे तिला एवढंच विचारतात, "सही तुमचीच ना?" या सहीला राजीखुशी म्हणू नका. आणि जिने सही केली नाही, तिचं नाव सातबाऱ्यावर कित्येकदा कब्जेदारात, म्हणजे जमीन ज्यांच्या नावे असते त्यांच्यात, न लागता 'इतर हक्क' या रकान्यात जाऊन बसतं. विधवांचंही तेच.

म्हणून मागणं आहे. वारस लागल्यापासून वर्षभर बहिणीचं हक्कसोडपत्र नोंदवून घेऊ नका, आणि नंतरही तिला एकटीला, भावाला बाहेर थांबवून विचारा. इतर हक्कात अडकलेली वारस बायकांची नावं फेरफार अदालतीत, म्हणजे सातबाऱ्यावरच्या नोंदी निकाली काढायच्या बैठकीत, घेऊन कब्जेदारात आणा. लक्ष्मीमुक्तीसाठी बाईच्या अर्जावरून नवऱ्याला नोटीस जाऊ द्या. नकार द्यायचा तर त्याने लेखी द्यावा.

संयुक्त राष्ट्रांनी 2026 हे महिला शेतकऱ्यांचं वर्ष जाहीर केलं आहे. आम्हाला सत्कार, साडी-चोळी नको. मंडळा-मंडळात शिबिर लावा. बायका गोळा करायचं काम आम्ही बचत गटवाल्या करू, कागदंही आणायला लावू. तारीख तेवढी कळवा.

आपली,
एक शेतकरी बाई, जिल्हा जालना